माझ्या हातची लग्नाची शाई

सोमवार, ३ तारीख
शाईच्या कारखान्यात लागलो. ट्रायलवर. याआधी सुतारकाम, घंटा ओतणं आणि मधमाश्या हे तिन्ही धंदे त्या त्या मालकांच्या पोटदुखीमुळे सुटले. इथे परमनंट व्हायचंच. ताईचं लग्न ठरलंय, तिच्या जिवावर जेवणं आता बंद होणार.

मालकाने नियम सांगितला. शाई ढवळणाऱ्याच्या मनात जे असेल ते कढईत उतरतं आणि मग वाचणाऱ्याच्या डोक्यात चढतं. म्हणून तहाच्या शाईला थंड डोक्याचा माणूस, दुखवट्याच्या शाईला हळवा. लग्नाची शाई काकू ढवळतात. जुन्या आहेत इथे. मी म्हटलं, माझं मन म्हणजे आरसा. मालक नुसता हं म्हणाला.

हं का?

बुधवार, ५
संकल्प : कोणावरही संशय घ्यायचा नाही.
काकू ढवळताना गुणगुणतात. मी जवळ गेलो की थांबतात. लक्ष ठेवायला हवं. हा संशय नव्हे, निरीक्षण.

शनिवार, ८
काकूंचा खांदा दुखून धरला. लग्नाची बॅच मला मिळाली! ताईच्या पत्रिका याच शाईने लिहायच्यात. नवरा मुलगा नावाडी, सरळ माणूस. इतका सरळ का, हे एकदा बघायला हवं.

जाताना काकूंनी बजावलं की बाबा रे, फक्त बहिणीचं चांगलं चिंत. चिंतलं. मग मनात आलं, खांदा नेमका आजच कसा धरला?

दुपारी : मालक दारातून सारखा डोकावतोय. कॉन्सन्ट्रेशन डिस्टर्ब. तरी शाई झकास उतरली. किंचित हिरवट झाक आहे, ती उन्हामुळे.

बुधवार, १२
पत्रिका वाटल्या. मला जे वाटत होतं ते आता सगळ्यांनाच वाटू लागलंय, म्हणजे मी बरोबर होतो. मामा विचारत होते की 'सहकुटुंब' कशाला लिहिलंय, आमच्या कुटुंबाशी तुमचं काय काम? न्हाव्याने पत्रिका उजेडाला धरून पाहिली. नावाड्याची आई येऊन ताईचे दात तिचेच आहेत का ते तपासून गेली.
कुठेतरी पाणी मुरतंय. कोणीतरी लोकांचे कान भरतंय.

शुक्रवार, १४
ताईने स्वतःची पत्रिका स्वतः वाचली आणि नावाड्याला विचारलं की तू रोज उठून पलीकडच्या काठावर कशाला जातोस. तो म्हणाला, मी नावाडी आहे. ती म्हणाली, उत्तर अगदी तयार होतं वाटतं!
लग्न मोडलं.
ताई शिलाई मशीनवर डोकं ठेवून रडतेय. मी समजावलं की वेळीच कळलं ते बरं झालं. तिने कात्री फेकली. नेम चुकला. की चुकवला?
प्लॅन : उद्या काकूंना मालकासमोर उघडं पाडायचं. शाईत त्यांनीच काहीतरी कालवलं.

शनिवार, १५
पाडलं. काकू एवढंच म्हणाल्या की खांदा हलत नाही, कालवू कशाने? मालकाने माझ्या शाईने कागदावर 'नमस्कार' लिहिलं आणि पोस्टमनला दाखवलं. पोस्टमनने डोळे बारीक केले आणि विचारलं, का बरं?
मालक माझ्याकडे बघू लागला. काकूही. पोस्टमन तर आधीपासूनच.
काकूंनी दुखऱ्या खांद्याने नवी बॅच ढवळली. तोवर मला रस्त्यापलीकडे उभं केलं होतं. उन्हात.

बुधवार, १९
नव्या पत्रिका गेल्या. नावाड्याची आई ताईच्या गळ्यात पडून रडली. लग्न पुन्हा ठरलं.
आणि माझी उरलेली शाई जकात नाक्याने उचलली! त्या शाईने लिहिलेली नोटीस वाचून पहारेकरी म्हणे गाड्यांची चाकंसुद्धा उघडून बघतात. अजून एक कढई मागितलीय. ती जमली की मी परमनंट. शेवटी गुणाची कदर होतेच. मालक एवढा गोड का बोलला, ते मात्र नंतर बघू.

रविवार, २३
लग्न झालं. नावेत चढताना ताई म्हणाली की तू मूर्ख आहेस, पण जेवायला येत जा. बोलावणं पाठवणार नाही, लिहिलेलं तर मुळीच नाही, तसाच येत जा.
नाव दिसेनाशी होईपर्यंत उभा होतो. कामच नव्हतं दुसरं.

सोमवार, २४
नाक्याची कढई ढवळली. अगदी जीव ओतून. परमनंट झालोच समजा.

गुरुवार, २७
कढईभर शाई परत आली. नोटीस वाचून पहारेकऱ्याने चोरट्या मालाच्या गाडीवाल्याला पाणी विचारलं, चढावर गाडीला मागून हातही लावला. मालकाने विचारलं, ढवळताना डोक्यात काय होतं? म्हटलं, ताई नावेत बसली ते.
लगेच सुचवलं की मग मला लग्नाची शाई द्या. मालकाने विचारलं, आत्ता मनात काय आहे? खोटं कशाला बोला. म्हटलं, माझी कढई कोणीतरी बदलली.

बाटल्या धुवायला बसवलंय. पाण्यात मनातलं काही उतरत नाही म्हणे.

मी धुतलेल्या बाटल्या काकू परत धुतात.