तुझ्या नावानं फुटलेल्या चकत्या

प्रिय ताई,

धाकटीचा नमस्कार. भाऊजींची कंबर एव्हाना सरळ झाली असेल आणि सरळ होताच त्यांनी पुन्हा तेच लोखंडी कपाट उचलायला घेतलं नसेल, अशी आशा आहे. लेकीच्या लग्नाच्या धावपळीत तुझ्या रक्तदाबाच्या गोळ्या चुकवू नकोस. आम्ही ठीक. माझा उजवा खांदा काळानिळा आहे, पण तो गेली चार वर्षं तसाच आहे, त्यामुळे घरात त्याची चौकशी आता कोणी करत नाही.

मी त्या क्लबात नेमकं करते काय, असं तू दोनदा विचारलंस आणि दोन्ही वेळा मी ‘व्यायाम’ म्हणाले. ते अगदीच खोटं नव्हतं. (मान आखडली म्हणून डॉक्टरीणबाईंनी पोहायला सांगितलं होतं. पोहण्याच्या खिडकीशी ही लांब रांग, शेजारच्या खिडकीशी चिटपाखरू नाही, म्हणून मी तिथे उभी राहिले. ती नेमबाजीची निघाली. आपल्याकडे महत्त्वाच्या गोष्टी अशाच ठरतात. भाऊजीसुद्धा आपल्या घरी पहिल्यांदा आले ते पत्ता चुकून.) तर आमचा खेळ असा: जमिनीखालच्या खड्ड्यात एक यंत्र असतं. आपण बंदूक खांद्याला लावून ओरडायचं, समोरचा माइक ते ऐकतो, यंत्र मातीची केशरी चकती भिरकावतं, आणि ती नजरेआड व्हायच्या आत फोडायची. बंदूक, चकती, वारा, या कशाशीच माझं वाकडं नव्हतं. अडलं ते ओरडण्यापाशी. कोर्टात मी लघुलेखिका. दिवसभर दुसऱ्यांचं बोलणं उतरवून घेते, स्वतः बोलायची वेळ येत नाही. त्यात बाईमाणसाचा आवाज उंबऱ्याबाहेर जाऊ नये ही आईची शिकवण, जी तुला कधी लागली नाही आणि मला हाडापर्यंत लागली. मी ओरडायची, माइक ढिम्म. आमचे धडाम सर (ऐन तारुण्यात कानात बोळे न घालता बार काढल्यानं ठार बहिरे, शिकवतात मात्र उत्तम) म्हणाले की कोणताही शब्द चालतो, जन्मात ज्या नावानं सगळ्यात मोठ्यांदा ओरडली असशील ते घे. मी फार विचार केला नाही. ‘ताई’ म्हणून ओरडले. चकती सुटली, फुटली. तेव्हापासून आठवड्यातून तीन दिवस तुझ्या नावानं ठणाणा करत मी मातीचा चुरा करतेय. राग मानू नकोस, नवऱ्याच्या नावानं करून पाहिलं, नेम चुकतो.

गेल्या महिन्यात संघाची निवड होती. जागा तीन. शेवटच्या फेरीत पंचवीसपैकी बावीस फुटल्या तर तिसरी जागा माझी, आणि नेमका त्या सकाळी घसा बसला. ‘ताई’ची नुसती हवा बाहेर येत होती. पंचांनी माइकचा कान तिखट करून दिला, तर तो इतका तिखट झाला की पलीकडच्या बाईच्या खोकल्यानं चकती सुटली, नंतर बुटाच्या करकरीनं सुटली. अशी सुटलेली चकती नुसती पाहत राहायची, मग दुसरी मिळते. एकदा मात्र धडाम सर शिंकले, मी दचकले, बोट दाबलं गेलं आणि चकतीचा भुगा झाला. नियम असा की बार काढलात तर निकाल लागू, त्यामुळे माझ्या खात्यातली एक चकती सरांच्या शिंकेची आहे. शेवटी पंचांनी माइक बंद करून बटण घेऊन एक माणूस माझ्या पाठीमागे उभा केला. मी घोगऱ्या आवाजात काहीतरी फुसफुसायची, तो दाबायचा. शेवटच्या चकतीला मी बार काढला. फुटली की नाही ते मी पाहिलंच नाही, डोळे मिटले होते. (सरांना सांगू नकोस.) मागून बटणवाला हळूच म्हणाला, “बाई, झाले बावीस.” मी बंदूक ठेवली आणि तिथेच मटकन खाली बसून रडले. बेचाळिसाव्या वर्षी, कोर्टात जाते त्याच पँटवर.

घरी सगळ्यांना आशीर्वाद आणि नमस्कार, ज्याला जो लागेल तो.

तुझी,
धाकटी

ता. क. तिसरी आले म्हटलं खरं, पण स्पर्धक एकूण पाचच होत्या, हे मागाहून कोणाकडून कळण्यापेक्षा माझ्याकडून कळलेलं बरं.

ता. क. २. संघाची स्पर्धा परदेशात आहे आणि ती नेमकी भाचीच्या लग्नाच्या दिवशी आहे. पाहुण्यांच्या स्वागताला मी नसेन. आईला तूच सांग. मी सांगितलं तर ती मला घालूनपाडून बोलेल, तुला ती जरा घाबरते.

ता. क. ३. हे परवानगीचं पत्र आहे असं वर वाटलं असेल. तसं नाही. सोमवारीच होकार कळवून टाकला, आणि चार दिवस हे पत्र लिहायचं धैर्य गोळा करत होते. भाचीला मी काल फोन केला. ती म्हणाली, “मावशी, तू जा, आईचं मी बघते.” (आई म्हणजे तू.) तेव्हा आता माझ्यावर किती रागवायचं ते तुम्ही दोघी ठरवा. फक्त लग्न होईपर्यंत थांब, सध्या तुला कामं फार आहेत.