गाऊन बोलणारी तुमची बहीण

तीर्थस्वरूप दादा यांस,

तुमच्या मेहुण्याचा साष्टांग नमस्कार. (कंबर धरली असल्याने तो खुर्चीत बसूनच केला आहे, तरी पुरा समजावा.) वहिनींचा गुडघा कसा आहे? तुमचा खोकला गेला, की अजून मुक्कामाला आहे? आम्ही इकडे ठीक. ठीक म्हणजे कितपत, ते पुढे वाचून तुम्हीच ठरवा.

तुम्ही कळवलंत की रविवारी गाडी पाठवतो, बहिणीला वर्षभर आमच्याकडे राहू द्या, तुम्हाला एकट्याला झेपायचं नाही. तुमची माया मी जाणतो. पण माझी उभी हयात दुकानादुकानांतून वजनं-मापं तपासण्यात गेली. (तागडीखाली लावलेलं मेण मी उंबऱ्यातून ओळखायचो.) त्यामुळे जे आहे ते उघड सांगणं भाग आहे. माझा तुमच्या बहिणीवर संशय आहे.

झटका आल्यापासून तिची वाचा गेली, हे तुम्ही इस्पितळात पाहिलंतच. सगळं कळायचं, पण शब्द ओठांशी येऊन अडायचा आणि ती डोळ्यांत पाणी आणून माझ्याकडे बघत राहायची. ते दिवस आठवले की मला अजून घास गिळवत नाही. मग बोलणं शिकवणाऱ्या त्या बाई येऊ लागल्या. (मी त्यांना सूरबाई म्हणतो, अर्थात पाठीमागे.) त्यांनी तिचा डावा हात धरून टेबलावर ठेका दिला आणि ‘पा-णी-दे’ असं खालीवर सुरात गाऊन दाखवलं. थोड्याच दिवसांत, जिला नुसतं ‘पाणी’ म्हणता येत नव्हतं ती ‘पाणी दे’ गायला लागली! आता ज्या गळ्यातून गाणं निघतं, त्याच गळ्यातून बोलणं निघायला काय हरकत आहे? मी डॉक्टरांना गाठलं. ते म्हणाले, बोलण्याची जागा मेंदूत डावीकडे, तिथे मार बसलाय. गाण्याचं बरंचसं काम उजवीकडून चालतं. पुढचं दार बंद म्हणून शब्द मागच्या दाराने काढतोय. मागच्या दाराने! अहो, मागच्या दाराने माल काढणाऱ्यांना दंड ठोकण्याचाच मी पगार घेतला. मी मान डोलावली, पण मनात नोंद करून ठेवली.

तेव्हापासून घरात सगळा कारभार सुरात. चाल एकच, सूरबाईंनी दिलेली. साखर संपली तीही त्याच चालीत आणि माझं डोकं फिरलंय तेही त्याच चालीत. परवा स्वयंपाकघरातून असा काही गोड सूर आला की मी डोळे मिटून चक्क ‘वाहवा’ म्हणालो. ती ‘दूध उतू जातंय’ असं गात होती. शेगडी मीच घासली. भांडणात तर माझी पुरती पंचाईत. मी आवाज चढवून काही बोलावं आणि समोरून गाणं यावं, म्हणजे माणसाने रागवायचं तरी कुठल्या तोंडाने? इथेच माझा संशय पक्का झाला. हिला सगळं बोलता येतंय, पण गाण्यात फायदा आहे हे हिने ओळखलंय.

म्हणून मी सापळा लावला. बाजारात जातो म्हणून चपला वाजवत बाहेर पडलो आणि मागच्या दाराने परत आलो. (होय, मागच्याच.) कपाटाआड उभा राहिलो. एकटी असताना तरी सरळ बोलेल, हा हिशेब. ती खिडकीशी उभी होती. काहीतरी म्हणू बघत होती, चाल न लावता. नुसती हवा यायची. पुन्हा ओठ जुळवायची, पुन्हा हवा. शेवटी तिने डाव्या हाताने चौकटीवर ठेका धरला आणि हळूच गायली, ‘अ-हो’. पुन्हा ठेका सोडून बघितलं, पुन्हा नुसती हवा. दादा, ती मला हाक मारायचा सराव करत होती, आणि मी चोरासारखा कपाटाआड उभा, त्यामुळे ओ देता येईना. मला रडू आलं. रडू दाबताना शिंक आली. पुढे मला जे ऐकावं लागलं ते सगळं सुरात होतं, पण त्यातलं ‘म्हातारा’ आणि ‘वेडा’ एवढंच लिहिण्याजोगं आहे.

भरीस भर म्हणून सूरबाईंचा हुकूम, की उत्तरं मीही गाऊनच द्यायची. माझा आवाज तुम्ही जाणताच. पहिल्याच दिवशी खालच्या मजल्यावरचा शिंपी हातात कात्री तशीच घेऊन धावत वर आला, काय झालं म्हणून. तुमची बहीण खुर्ची धरून हसली. झटक्यानंतर प्रथमच.

तर अशी दशा आहे. घरात धड बोलणारं माणूस नाही, दूध उतू जातं, शेजारी जिन्यात थांबून ऐकतात. संशय अजून फिटलेला नाही. विचार करून काय ते ठरवावं. वहिनींना नमस्कार सांगा.

तुमचा मेहुणा

ता. क. हे वाचून तुम्हाला वाटेल की हा मेटाकुटीला आलाय, गाडी रविवारच्या आधीच पाठवावी. तसं काही नाही. उलट तुमची दुपारची झोप हलकी, त्यात हे दिवसभराचं गाणं. माझे कान एकदाचे निर्ढावले आहेत, तुम्ही कशाला त्रास घेता?

आणखी ता. क. स्पष्टच लिहितो, गाडी पाठवू नका. ती गेली तर मी गाऊन उत्तर द्यायचं कुणाला? तिला विचारलंत का, असं तुम्ही म्हणाल. नाही विचारलं. ‘हो’ म्हणाली तर काय, ही भीती.

शेवटचा ता. क. पाकीट शोधायला उठलो तेवढ्यात तुमच्या बहिणीने हे सगळं वाचून काढलं. वाचून ‘लबाड’ असं गायली, तेही ठेका धरून. मग मी जीव मुठीत धरून विचारलं, दादाकडे जातेस? तर म्हणाली, ‘नाही.’ दादा, गाऊन नव्हे! ठेका नाही, चाल नाही, तुम्ही-आम्ही म्हणतो तसं कोरडं ‘नाही’. लग्न झाल्यापासून तिचे नकार मी काही कमी ऐकलेले नाहीत, पण एकही इतका गोड लागला नव्हता. मी म्हटलं, अगं, पुन्हा म्हण. तर म्हणाली, ‘नाही.’