माझा आवाज नेलिदाचा

४ जुलै १९६२, बुधवार

हाकलला त्याला!

कलावंतांच्या घराचा सेक्रेटरी आला होता, सेन्योर उर्तुबे. गळ्यात रेशमी रुमाल, हातात पेस्ट्रीचा पुडा. म्हणाला, दोन्या एदा, बागेकडची मोठी खोली तुमच्यासाठी राखून ठेवलीय. बावीस पिक्चर केलेल्या बाईनं या वयात तीन जिने चढावेत, रॉकेलचा स्टोव्ह पेटवत बसावं, हे काही शोभत नाही. म्हटलं, मला शोभतं. तुमचं घर म्हणजे तेच ना, जिथं म्हातारे नट सूप पिता पिता एकमेकांना टाळ्या देतात? त्यापेक्षा मी मासे विकीन. लहानपणी विकलेत.

तरी हसतच होता. निघताना दारात वळला, टोपी छातीवर धरली आणि म्हणालाच — "जा तू. दार उघडं ठेवीन. दिवा मात्र लावणार नाही." डोळ्यांत पाणी! बंदराच्या पिक्चरमधलं माझं वाक्य. ब्युनोस आयरीसमध्ये टोपी घालणारा प्रत्येक पुरुष माझ्या दारातून जाताना हेच म्हणतो. अठरा वर्षं झाली.

पेस्ट्री ठेवून घेतली. दोन शिळ्या निघाल्या.

५ जुलै

गुडघा. ऐन हिवाळा, सगळं गार आणि ओलं. साव्हेरियो खाटीक म्हणतो, तीस वर्षं या देशात राहून तुमचा 'र' अजून घशातच अडकलाय दोन्या एदा, पण पिक्चरमध्ये कसं खणखणीत बोलायचात! मग उत्तरही स्वतःच देतो — तिथं मेहनत घ्यायचात, कटलेट मागायला कोण मेहनत घेतंय.

बरोबर, म्हटलं. अर्धा किलो दे. हाडं नकोत.

९ जुलै

स्वातंत्र्यदिनाची सुट्टी. रस्त्यावर झेंडे, बँड. खिडकी लावून घेतली.

दुपारी बेल वाजली. दारात एक ठेंगणी, जाड बाई. जाड चष्मा, जिने चढून धापा टाकतेय. ओळखलं नाही. मग ती बोलली — "आत घेताय, की इथंच मरू?" माझा आवाज होता तो!

नेलिदा कुफ्रे. अकरा वर्षांनी.

इथं लिहायला हरकत नाही, वही कुणी वाचणार नाही. बावीस पिक्चरमध्ये मी एक शब्दही बोललेली नाही. चेहरा माझा, चालणं माझं, रडणं माझं. पण माझं स्पॅनिश असं की, कंपनीचा मालक म्हणाला होता, बाई प्रेमात पडलीय की पोलिसात तक्रार देतेय तेच कळत नाही. मग काय, शूटिंगला मी तोंड हलवायची, कच्चा आवाज नुसता खुणेपुरता टिपून घ्यायचे. नंतर काळोख्या खोलीत नेलिदा तो आवाज कानाला लावून, पडद्यावरच्या माझ्या ओठांकडे बघत, त्यांच्यावर शब्द बसवायची. रेडिओ नाटकातली होती ती. टायटलमध्ये तिचं नाव नाही. कुणाला सांगायचं नाही म्हणून दोघींनी सही करून दिलेली. कंपनी बुडून दहा वर्षं झाली, तरी तोंड शिवल्यासारखंच.

तिचं काम सरळ होतं. पुतण्याकडे राहते. ते घर पाडणारेत, ऑगस्टअखेर बाहेर पडायचं. पुतण्या तिला गावाबाहेर नन्सकडे ठेवतोय — चौदा बायकांचं दालन, संध्याकाळनंतर बोलायला बंदी. कलावंतांच्या घरात अर्ज केला, तर म्हणाले, पिक्चरमध्ये नाव दाखवा. रेडिओ चालत नाही त्यांना.

"तुम्ही चार ओळी लिहून द्या," म्हणाली. "आवाज हिचा होता, एवढंच."

विचार करते, म्हटलं. चहा दिला. तिनं साखर चार चमचे घातली. मला रागच आला.

१० जुलै

लिहिलं नाही. कपाट आवरलं.

१३ जुलै

लिहिलं नाही. कपाट परत आवरलं. दोनदा खाली जाऊन आले, काय आणायला गेले ते दोन्ही वेळा आठवलं नाही. साव्हेरियो म्हणाला, तुम्ही आज वाघासारख्या फिरताय. म्हटलं, तुझ्याकडचं मांस बघायला वाघच लागतो.

एवढं काय त्यात? चार ओळी! पण मग माझं काय उरतं? ओठ हलवलेली बाई. बाहुली. रस्त्यात टोपी काढतात ते कुणासाठी?

१६ जुलै

आज खरं सगळंच लिहून टाकते.

बंदराचा सीन. पहाटे चारला शूटिंग, पाण्यावरचा वारा, मला ताप. लांबलचक भाषण होतं, आठ ओळींचं — मातृभूमी, नशीब, काय काय. कॅमेरा सुरू झाला आणि एक शब्द आठवेना! तो नट बोटीकडे निघाला, मी तोंड हलवत राहायला हवं. तोंडातून निघालं ते आईचं. आमच्या गावी बाल्टिकच्या काठावर आई मासे धुरावर सुकवायची आणि दारात उभं राहून ओरडायची — आल, हीरिंक, श्प्रॉट, फ्लुन्नर! शेवटच्या माशाचं नाव जरा वर उचलून, म्हणजे लांब ऐकू जाईल. मी तेच म्हटलं. हळू, रडत. चार मासे!

फिल्म संपत आलेली, परत घेता येईना. आठ ओळी त्या ओठांवर बसेनात. तेव्हा नेलिदानं पेन्सिल घेऊन, माझं तोंड बघत, जेवढे मावतील तेवढे शब्द स्वतः शोधले. जा तू, दार, दिवा — सगळं तिचं. लेखकाचंसुद्धा नाही. पेपरवाल्यांनी लिहिलं होतं, शेवटचा शब्द ती असा वर उचलते की काळीज तुटतं.

म्हणजे आवाज नेलिदाचा, शब्द नेलिदाचे. माझे फक्त मासे.

१९ जुलै

नाही म्हणून सांगायला गेले. बसमध्ये मनात वाक्य तयार केलं, घोकलं.

घर अर्धं पाडलेलंच आहे. शेजारच्या भिंतीला न्हाणीघराच्या फरशा तशाच चिकटलेल्या, उघड्यावर. ही स्वयंपाकघरात, ओव्हरकोट घालून, माते, हा इथला कडू पाल्याचा चहा, नळीनं ओढत बसलेली. बसा म्हणाली, नळी माझ्याकडे केली.

"नाही सांगायला आलात ना?"

कशावरून, म्हटलं.

"नाही म्हणायच्या आधी तुम्ही नाकानं श्वास घेता. हो म्हणायच्या आधी तोंडानं. बावीस पिक्चर तुमच्या श्वासामागं पळालेय मी. नवऱ्याचा एवढा नाही ऐकला."

माझ्याकडे बघून हसायला लागली. दात दोन गेलेत. तो आवाज मात्र — तीस वर्षांच्या पोरीचा! त्या जाड चष्म्यातून, त्या ओव्हरकोटातून येत होता. मला एकदम माझ्या चेहऱ्याची लाज वाटली. तो तर कधीच म्हातारा झाला.

म्हणाली, "एक विचारू? बंदराच्या सीनमध्ये काय बडबडत होतात? शंभर वेळा ऐकलं असेल कानाला लावून. शब्द सापडायला आठवडा गेला माझा. पण त्याचा अर्थ कधी लागला नाही."

"काही नाही," म्हटलं. "आकडे मोजत होते."

का खोटं बोलले? माहीत नाही. आईला तिथं त्या मोडक्या स्वयंपाकघरात आणावंसं वाटलं नाही.

घोकलेलं वाक्य न बोलताच परत आले. जिन्यात लक्षात आलं, मी तोंडानं श्वास घेतेय.

२० जुलै

लिहिलं! चार ओळी. चुका पाच-सहा असतील. असू देत.

२४ जुलै

गाढव आहे उर्तुबे.

पत्र हातात दिलं. वाचलं, चष्मा काढला, पुसला. "दोन्या एदा, केवढं हे मन! गरीब मैत्रिणीसाठी स्वतःचं सगळं देऊन टाकताय."

मी म्हटलं, देऊन टाकत नाहीये, खरं सांगतेय. ऐका की! ऐका माझा 'र'. ही बाई ते वाक्य बोलेल का? आणि बोलून दाखवलं. जा तू. दार उघडं. पोलिसात तक्रार दिल्यासारखंच निघालं.

टाळ्या वाजवल्या त्यानं! आतल्या टायपिस्ट पोरीला हाक मारून बोलावलं — ये ये, बघ, या वयात परदेशी बाईची नक्कल काय करतात!

पत्र फ्रेम करून दिवाणखान्यातल्या काचेच्या कपाटात लावणार म्हणे. कलावंताचा नम्रपणा म्हणून. नेलिदाचा अर्ज? नियमात बसत नाही.

पायी आले घरी. पन्नास चौक. गुडघ्याला म्हटलं, दुख.

२५ जुलै

नेलिदाला सांगितलं. फोनवर बराच वेळ नुसती हसत होती. मग म्हणाली, "आपण फार चांगलं काम केलं होतं म्हणायचं."

मला हसू आलं नाही.

३१ जुलै

झोप नाही, भूक नाही. नन्सचं दालन बघून आले. आले ते आले, बूटसुद्धा न काढता पलंगावर बसले. भिंतीवर पाटी — शांतता. नेलिदाला तिथं ठेवायचं म्हणजे! सगळे आवाज जिच्याकडे आहेत तिला!

३ ऑगस्ट

उर्तुबेकडे परत. यावेळी नियमांचं पुस्तकच मागितलं. अडखळत वाचलं, बोट ठेवून. त्याला घाई होती, मला नव्हती. नियम अकरा — कलावंताला सोबत एक नातेवाईक ठेवता येईल.

"बागेकडची खोली अजून आहे का?" म्हटलं. "दोन पलंग टाका."

आनंदानं उठलाच तो! फॉर्म आणला. माझं नाव. सोबत — नेलिदा कुफ्रे. नातं — तिथं मी 'आवाज' लिहिलं.

त्यानं बघितलं. "बहीण लिहायचं होतं ना?"

"मी बाल्टिकची, ती इथल्या तुकुमानची. कसली बहीण?"

"कलेतल्या बहिणी," म्हणाला, 'आवाज' वर रेघ ओढली आणि स्वतःच्या सुबक अक्षरात बहीण लिहिलं. शिक्का मारला.

मारू दे. खोली मिळाली. टाळ्या देणाऱ्या म्हाताऱ्यांत मी! एक महिन्यापूर्वी पेस्ट्री ठेवून घेऊन त्याला हाकललं होतं.

६ ऑगस्ट

नेलिदा चिडली. मला वाटलं रडेल. "तुम्हाला ते घर नको होतं. कपाळावर लिहिलंय तुमच्या. माझ्यासाठी करू नका."

म्हटलं, गुडघ्यासाठी करतेय.

"नाकानं श्वास घेतलात," म्हणाली.

२८ ऑगस्ट

स्टोव्ह खालच्या बाईला दिला. पंचवीस वर्षं या खोलीत. बाल्कनीतून शेवटचं बघायचं वगैरे केलं नाही, खाली टॅक्सीवाला हॉर्न वाजवत होता. साव्हेरियोनं पुडा दिला. हाडं! म्हणाला, कायम नको म्हणायचात, आज घ्या, तिथल्या स्वयंपाकिणीला सूप करायला सांगा. टोपी काढली. मला वाटलं आता म्हणतोय वाक्य. नाही म्हणाला. शहाणा माणूस.

२ सप्टेंबर, रविवार

स्वागताचा चहा. तीस-पस्तीस म्हातारे, पावडर, पदकं. काचेच्या कपाटात माझं पत्र, चुकांसकट. उर्तुबेनं भाषण केलं आणि शेवटी ते आलंच — दोन्या एदा, ते वाक्य, एकदाच!

मी म्हटलं, हिला विचारा.

हसले सगळे. नेलिदा शेवटच्या खुर्चीवर, नातेवाइकांच्या बाजूला, केकमध्ये गुंतलेली. मान वर केली नाही. मी उभी राहिले. सवयीनं. तोंड हलवलं — आल, हीरिंक, श्प्रॉट, फ्लुन्नर, आवाज न करता. आणि तिकडून, केकचा घास गालात ढकलून, ती बोलली.

"जा तू. दार उघडं ठेवीन. दिवा मात्र लावणार नाही."

ओठाला ओठ. शेवट वर उचलून.

चमचे थांबले. उर्तुबे आधी माझ्याकडे, मग तिच्याकडे, मग कपाटाकडे बघत राहिला. कुणीच टाळी दिली नाही. पहिल्यांदाच असेल या घरात.

नेलिदा म्हणाली, "केक कोरडा आहे."

३ सप्टेंबर

सकाळी टायपिस्ट पोरगी फॉर्म घेऊन आली. बहीण खोडलंय. वर 'आवाज', त्याच सुबक अक्षरात.

६ सप्टेंबर

दुपारची सगळी आडवी होतात इथं. मला पडवत नाही. नेलिदा घोरत होती. मग थांबली आणि झोपेत बोलली. स्पष्ट.

आल. हीरिंक. श्प्रॉट. फ्लुन्नर.

शेवटचं वर उचलून. अगदी आई म्हणायची तसं. माझ्यापेक्षा चांगलं.

उठली की अर्थ सांगते.