ओढ्याच्या दोन काठांची मोजणी

वॉरंडी, दक्षिण ऑस्ट्रेलिया
१५ डिसेंबर १९८६

लाडक्या जेनीन,

मी मजेत आहे, कुत्रा मजेत आहे, गहू एकदाचा मालगाडीने रवाना झाला. ॲडलेडचा उकाडा तुला फार छळत नाही ना?

नव्या सत्रात मुलांना शिकवायला म्हणून तू आपल्या जिल्ह्याचा भूगोल आणि लोकसंख्या मागवलीस. घे. पश्चिमेला आपला गहू, पूर्वेला त्यांच्या मेंढ्या, मधे ओढा. ओढ्यात पाणी नाही. डोंगर म्हणून जो दाखवतात त्यावर मेंढी धापा न टाकता चढते. भूगोल संपला.

लोकसंख्येचं जरा अवघड झालंय.

कापणी उरकली की आपली मोजणी होते, ती तुला आठवत असेलच. त्या शनिवारी रात्री जो ज्या काठावर झोपेल तो त्या काठाचा, आणि हरलेल्यांनी जिंकलेल्यांना मेंढा भाजून घालायचा. आपल्या काठाची मोजणी अजून माझ्याकडेच आहे. पलीकडची डल्सी क्रोगर करते, ती पोस्टातली. तिचा नवरा जाऊनही आता बरीच वर्षं झाली.

यंदा आपल्या काठावरच्या ॲटकिन्सनच्या सुनेला जुळं झालं, त्यामुळे आपणच जिंकणार असं सगळे धरून चालले होते. रविवारी सभागृहात मी आकडा वाचला, एकशे बारा. डल्सीने वाचला, एकशे तेरा.

शेजारचा नॉर्म ताडकन उठला. "आपल्यातलं गेलं कोण? मेलं कोणी नाही, पळालं कोणी नाही. क्लॅरी, तुला बेरीज येते ना रे?"

मी चहात आणखी साखर घातली. पलीकडचेही बोटांवर मोजायला लागले, आपल्यात वाढलं तरी कोण म्हणून.

डल्सी किटली घेऊन उभी होती. "क्लॅरी त्या रात्री माझ्याकडे होता," ती म्हणाली. "केक घ्या, क्रीम वितळतंय."

सभागृह पाच मिनिटं हसत होतं. नॉर्म डोळे पुसत म्हणाला, "अरे गाढवा, एक रात्र दम धरला असतास तर मेंढा वाचला असता." मेंढा मीच द्यायचा असं ठरलं.

मी तिचा पंप दुरुस्त करायला गेलो होतो. खरं सांगायचं तर पंप दुपारीच चालू झाला होता. मग आम्ही पत्ते खेळलो, पोट दुखेपर्यंत हसलो आणि मला घरी जावंसंच वाटलं नाही. तुझी आई गेल्यापासून असं पहिल्यांदाच झालं. स्वतःला आपल्या काठावर मोजता आलं असतं, पण मोजणीत खोटेपणा मला जमत नाही. तिलाही जमत नाही. बहुधा म्हणूनच आमचं पटतं.

मार्चमध्ये लग्न करावं म्हणतोय. राहायचं कुठल्या काठावर, यावरून दोन्हीकडे आताच भांडणं लागलीत. मी फार आनंदात आहे, जेनीन. या वयात दाढी करताना शीळ घालतो.

पण ही गोष्ट अख्ख्या जिल्ह्याला आधी कळली आणि तुला नंतर, हे मनाला लागून राहिलंय. चार वेळा फोन उचलला आणि ठेवला. डल्सीने बजावलंय, तुझ्या आईची खुर्ची जागची हलवायची नाही आणि तू हो म्हणेपर्यंत तारीख ठरवायची नाही. तू नाही म्हणालीस तर ती तुझंच ऐकेल. मीही ऐकेन, पण तसं म्हणू नकोस.

तुझ्या एका शब्दासाठी अडून बसलेला,
तुझा बाबा