फाटकाशी अंथरलेली चटई

फैसल, कैरो
रमजानचा शेवटचा आठवडा

प्रिय तुमादिर,

या पत्रात मला एकच गोष्ट सिद्ध करायची आहे : मी तुझ्या घरी कायमचा राहायला येऊ नये. तू ईदपर्यंत उत्तर मागितले आहेस आणि तुझ्याकडून परतल्यापासून मी फोन उचललेला नाही. त्याचे कारण राग नव्हे. फोनवर माणूस वाक्य अर्धे सोडतो आणि ऐकणारा ते आपल्या सोयीने पुरे करतो. आपण दोघांनी एका छपराखाली राहायचे की नाही, हा निर्णय लेखी असलेला बरा. तिकडे ओम्दुर्मानच्या न्यायालयात न्यायाधीश म्हणून मी जी शिस्त पाळली तीच इथे पाळतो : आधी पुरावा, मग कारणे, शेवटी निकाल, आणि एकदा लिहिलेली ओळ खोडायची नाही. मी थकलो आहे हे खरे, पण थकवा हा पुरावा नव्हे, तेव्हा तो बाजूला ठेवू.

ज्याला आपली लाज वाटते त्याच्या घरात आपण राहू नये, हे तत्त्व तुलाही मान्य असेल असे धरतो. उरते एवढेच दाखवायचे की तुला माझी लाज वाटते. तू म्हणशील, याबा, असे काही नाही. मुलीने असे म्हणणे स्वाभाविक आहे. म्हणून मी तुझ्या म्हणण्यापेक्षा तुझ्या वागण्याचा पुरावा ग्राह्य धरणार आहे.

ओम्दुर्मानच्या आपल्या गल्लीतला रमजान तुला अंधुक आठवत असेल. ऊन उतरले की प्रत्येक घरातून चटई रस्त्यावर यायची, तिच्यामागून ताटे यायची, आणि उपास सोडायच्या वेळी एखादा वाटसरू आपल्या गल्लीतून न जेवता पुढे गेला तर ती सगळ्या गल्लीची नाचक्की समजली जाई. पुढे सरकार बदलले, माझ्यासारख्यांच्या खुर्च्या एका हुकुमासरशी गेल्या, आणि आपण कैरोला आलो. येताना मी खजुरीच्या पानांची ती चटई बरोबर घेतली. तुझी आई येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायची, "लोक पळताना सोनंनाणं घेतात. आमच्या न्यायाधीशसाहेबांनी बसायची सोय तेवढी घेतली." ती हे इतक्या वेळा म्हणाली की शेवटी मलाच त्यात अभिमान वाटू लागला.

फैसलच्या या रस्त्यावर पहिल्या रमजानात मी चटई अंथरली, तेव्हा तू नऊ वर्षांची होतीस. लोकांना जेवायला अडवायचे काम मी तुला दिले, कारण तिकडे ते मुलांचेच काम असते. तू कोपऱ्यावर दोन्ही हात पसरून उभी राहिलीस. भाजीच्या पिशव्या घेऊन एक बाई आली. तुझ्याकडे न बघता ती म्हणाली, "अल्ला देईल गं पोरी, पुढं हो." या शहरात भिकाऱ्याला हेच म्हणतात. तुझे हात खाली आलेले मी चटईवरून पाहिले. त्यानंतर मी तुला समजावले की देणारा याचक असूच शकत नाही. तू देत होतीस. म्हणून तिचे बोलणे तुला लागू होत नाही. आणि जे लागू होत नाही त्याचे वाईट वाटायचे कारण नाही. तू मान हलवलीस. युक्तिवादात कुठे खोट नव्हती. तू मात्र त्या कोपऱ्यावर पुन्हा उभी राहिली नाहीस. कधी परीक्षा असे, कधी डोके दुखे, पुढे औषधांच्या दुकानातली पाळी. मी हे सगळे लाज या एकाच कारणाखाली नोंदवत गेलो.

तुझी बोलीही बदलली. बाहेर तू अस्सल कैरोची. घरात पाऊल टाकलेस की पायातल्या वहाणांबरोबर ती बोली दाराशी काढून ठेवायचीस. मला ते ढोंग वाटे. तुझी आई, सितना, म्हणायची, "पोर दोन घरं चालवतेय. तुम्हाला एक चालवून बघा म्हटलं तर जमणार नाही." तिचे बोलणे मी कधी पुराव्यात धरले नाही, कारण ती तुझी बाजू आधी घ्यायची आणि कारणे नंतर शोधायची.

ती गेल्यावर तू तिच्या वस्तूंपैकी एकच मागितलीस : तिचे तबग, ताटावर झाकायचे ते जांभळ्या-लाल विणीचे मोठे झाकण. मी दिले. पुढच्या खेपेला तुझ्याकडे आलो तर तू ते दिवाणखान्यात खिळ्याला टांगलेले होतेस. तुझ्या शेजारणी त्याखाली उभ्या राहून, किती सुंदर, कुठून आणलंत, असे विचारत होत्या. भिंतीवरच्या झाकणाखाली अन्न नसते, एवढे मनाशी म्हणालो आणि हेही तुझ्याविरुद्ध मांडून ठेवले.

मग तिकडे लढाई पेटली. घर राहिले की पडले हे सांगणारेही कुणी तिथे उरले नाही. आपण परत जाणार, या एका वाक्यावर मी या गावात म्हातारा झालो होतो. ते वाक्य संपले. माझे गुडघे पाहून तू या रमजानात मला तुझ्याकडे नेलेस, आणि आता इथेच राहा म्हणालीस. कुंपणाच्या आतल्या त्या वसाहतीत सगळे छान आहे. फक्त रस्त्याने जाणारे कुणी नाही, कारण तिथे रस्ता कुठे जातच नाही.

आता मुख्य घटना. तुझ्याकडून निघालो त्या दिवशी सकाळी मी चटई काढली. तू म्हणालीस, "याबा, इथं खाली बसायचं तर आधी विचारावं लागतं." मी त्याचा अर्थ नकार असा घेतला. दुपारी तू स्वयंपाकघराचे दार लावून घेतलेस. बाहेर बसून मी ठरवले की आपल्या कालवणाचा वास शेजाऱ्यांकडे जाऊ नये याची ही व्यवस्था आहे. ऊन उतरल्यावर तुला न सांगता मी चटई काखेत मारली, खजूर घेतला, फाटकाबाहेरच्या गाडीवरून घेवड्याची उसळ आणि भाकऱ्या घेतल्या आणि फाटकाच्या आत, झाडाशेजारी अंथरून बसलो. पहारेकरी शिहाता म्हणाला, "हाजसाहेब, इथं बिनपासाची चिमणी आत येत नाही, आणि तुम्ही आत आलेल्यांना अडवताय. माझी नोकरी घालवाल." असे म्हणत तो बूट काढून बसला. सामान पोचवणाऱ्या एकाला मी स्कूटरवरून उतरवले. माळीही आला.

एक मोठी गाडी थांबली. आतल्या गृहस्थाने काच खाली करून विचारले, ही कुठल्या संस्थेची पंगत. मी म्हणालो, "संस्था नाही, जेवण आहे. उतरा." त्याने काच वर केली. शिहाता पुटपुटला, "गेला चुगली करायला." लगेच त्याचा फोन वाजला, तो उठून दोन शब्द बोलला, अजान झाली, आम्ही खजूर तोंडात टाकला, आणि तू इमारतीच्या दारात दिसलीस. हातात झाकलेले ताट होते. तू जवळ आली नाहीस. चटईपासून बरीच लांब, पायरीशी थांबलीस आणि तिथूनच म्हणालीस, "याबा, कुणी हात लावतं का?"

मी निष्कर्ष काढला तो असा : तक्रार वर पोचली, या लोकांना हातात काहीतरी देऊन वाटेला लावायचे म्हणून तू अन्न घेऊन आलीस, आणि आमच्याबरोबर दिसू नये म्हणून लांब थांबलीस. त्या माणसांसमोर मी तुला म्हणालो, "ते वर घेऊन जा. इथं भीक वाटायची नाही." तू वळलीस. मी चटई गुंडाळली, लिफ्टने वर जाऊन पिशवी घेतली आणि निघालो. तेव्हा तुझ्या स्वयंपाकघराचे दार पुन्हा बंद होते.

हा झाला पुरावा. आता कारणे लिहायची, आणि इथे माझी पंचाईत झाली आहे. कारण लिहिताना घटनांचा क्रम लावावा लागतो, आणि क्रम जुळत नाही.

फोन आला आणि तू दिसलीस, यांच्यामध्ये चहाला आधण येण्याइतकाही वेळ गेला नाही. ताटाच्या एका बाजूला तांबड्या सरबताचा घडा होता, आपला हिलू-मूर. त्याच्या पापड्या निदान दुपारपासून भिजत घालाव्या लागतात. दुसऱ्या बाजूने सुक्या भेंडीच्या कालवणाचा वास माझ्यापर्यंत आला होता, आणि ते ज्वारीच्या असीदेच्या घट्ट गोळ्याशिवाय कुणी करत नाही. म्हणजे तू बंद दाराआड दुपारभर हेच करत होतीस. तक्रारीच्या आधी. मी चटई अंथरण्याच्याही आधी. विचारावं लागतं, असे तू म्हणालीस. कदाचित तू विचारलेही असशील. हे विचारायचे मला सुचले नव्हते.

पिशवी घ्यायला वर आलो तेव्हा दिवाणखान्यातला खिळा रिकामा होता. मी तो पाहिला होता. डोळ्यांनी पाहिलेली गोष्ट माझ्या निकालात कशी आली नाही, हे मला आता सांगता येत नाही. ताटावर जे झाकलेले होते ते जांभळे-लाल होते.

आणि तू लांब थांबलीस ते. तुमादिर, सितना कुठे थांबायची? ओम्दुर्मानला कुठली बाई पुरुषांच्या चटईपर्यंत ताट घेऊन गेली? ती उंबऱ्याशी उभी राहते, हाक मारते, कुणी हात लावतं का, आणि चटईवरचा एक जण उठून ताट घ्यायला जातो. मी स्वतः आयुष्यभर उठून गेलो आहे. जिथे उभे राहायचे तिथेच तू उभी होतीस. हे सगळे तू विसरलीस, हाच माझा तुझ्यावरचा आरोप होता. आणि तू अचूक तिथे उभी असताना मला ओळखू आले नाही. त्या वसाहतीत, त्या पायरीवर, तुझे शेजारी येता-जाताना बघत असताना, त्या दोन हातांत ताट घेऊन तू पुन्हा कुणाची तरी वाट पाहत उभी राहिलीस. आणि या वेळी, पुढं हो, असे मी म्हणालो.

जे सिद्ध करायला बसलो होतो ते सिद्ध झालेले नाही. शिस्तीप्रमाणे वरची एकही ओळ मी खोडलेली नाही. मी कुठल्या वाटेने चुकलो ते तुला दिसावे म्हणून पत्र आहे तसेच पाठवतो. ईद व्हायची आहे अजून. हे हाती पडले की फोन कर, आता उचलेन; त्याच दिवशी ऊन उतरताना मी फाटकाशी येईन. चटई इथे दाराला टेकवून ठेवली आहे. तू खाली ये, पण चटईपर्यंत येऊ नकोस. पायरीशीच थांब आणि हाक मार. गुडघ्यांमुळे उठायला मला जरा वेळ लागेल, तेवढे ताट धर. राहण्याविषयी काय ते जेवल्यावर बोलू.

एक चूक मान्य करतो : माझ्या मुलीने उंबऱ्यावरून हाक मारली आणि मी उठलो नाही.

तुझाच याबा,
बाबिकर हसबर्रसूल