तांब्याभर वरचे पाणी

तुंगार्ली, लोणावळे,
श्रावण वद्य, शुक्रवार

चिरंजीव चिंतामणीभावोजी यांस,

वहिनीचा आशीर्वाद. तुमचा दमा या पावसाळ्यात तुमच्याशी सभ्यपणे वागत असेल, सौ. चंद्रिका आणि मुले खुशाल असतील, असे धरून चालते. माझी प्रकृती उत्तम आहे. वन्संचीही उत्तम आहे. उजवा गुडघा, डावा खांदा आणि आवाज एवढे सोडले तर त्यांना कुठे काही झालेले नाही. (आवाज दोन दिवसांत सुटेल असे वैद्य म्हणतात. घाई नाही, असे मी त्यांना हळूच सांगितले आहे.)

तुम्ही वन्संना इकडे कशासाठी पाठवलेत ते मला ठाऊक आहे, कारण त्यांनी ते स्टेशनातच, सामान उतरायच्या आधी, हमालादेखत सांगून टाकले. तुमच्या दादांना जाऊन बरीच वर्षे झाली, वहिनींची पन्नाशी उलटली, त्या ओल्या गावात दोन खोल्यांत एकट्याच राहतात. तेव्हा अंबूताईने जाऊन पाहावे, त्यांना हे झेपते की नाही, आणि झेपत नसेल तर बिऱ्हाड आवरून पुण्याला घेऊन यावे. तुमचा हेतू चांगला आहे, हे मी मनापासून लिहिते. पण मला यायचे नाही. तुमचे दादा इथल्या स्टेशनात तारमास्तर होते. संध्याकाळची गाडी घाट चढून आली की शिट्टी देते, आणि मी चहाचे आधण ठेवते ते अजून दोघांचे. मग दोन्ही कप मीच पिते. हे वेड आहे हे मला कळते. पण ते मला इथे करता येते, तुमच्याकडे भरल्या घरात करता येणार नाही. तर आता वन्सं तुम्हाला धबधब्याची हकीकत आपल्या पद्धतीने सांगतील. त्याआधी ती माझ्या पद्धतीने पोचावी, म्हणून हे पत्र.

धबधब्याला जायचे मीच काढले. एक तर मी किती धडधाकट आहे हे वन्संना आपल्या डोळ्यांनी दिसावे. दुसरे म्हणजे वन्संचा या चातुर्मासातला नेम. आपण स्वतः भरलेले, आणि ज्याला कुणाचा हात किंवा पाय लागलेला नाही असेच पाणी प्यायचे. नळाच्या तोटीत चामड्याची चकती असते म्हणून नळ बाद. माझ्या विहिरीवर शेजारणीचे धुणे असते म्हणून विहीर बाद. तुंगार्लीच्या तळ्यात त्यांनी एक म्हातारा कुत्रा पोहताना पाहिला. (तो पोहत नव्हता, त्याला पोरांनी ढकलला होता; पण तळे बाद झाले ते झालेच.) पावसाचे धरावे तर ते कौलांवरून येते आणि कौलांवर मांजरे. आल्यापासून दीड दिवस त्या केळ्यांवर होत्या. मी म्हटले, वन्सं, डोंगरातून थेट पडणारे पाणी दाखवते, चला.

माझ्याकडे दुधाचा रतीब घालतो तो गेणू पावसाळ्यात पुण्या-मुंबईच्या लोकांना धबधबा चढवून आणतो आणि स्वतःला गाईड म्हणवतो. सकाळी न्यायचे, जेवणाच्या वेळेला घरी आणून सोडायचे, असा त्याचा अर्ध्या दिवसाचा धंदा. त्याला कुणा साहेबाने दिलेली एक हॅट आहे. तिचा माथा उंदरांनी खाल्ला आहे, त्यामुळे पाऊस सरळ टाळूवर पडतो. पण बाजूंनी गेणू अगदी कोरडा असतो. वन्संनी त्याला निघण्यापूर्वीच बजावले, की मी सोवळ्यात आहे, मला शिवायचे नाही. गेणू म्हणाला, "न्हाई शिवत, मावशी. पर पडलासा तर?" वन्सं म्हणाल्या, "पडले तर पडू दे."

हा धबधबा तुम्ही चित्रात पाहता तसा एका उडीत पडणारा नव्हे. खाली भाताची खाचरे, आणि तिथून वर खडकाच्या पायऱ्या पायऱ्या गेलेल्या. गवंड्याने भर शिमग्यात बांधून काढल्यासारख्या, एक वीतभर तर एक कमरेएवढी. पाणी त्यांच्यावरून उड्या मारत येते आणि माणूस कडेकडेने चढू शकतो. आम्हाला चढायचे नव्हतेच. पायथ्याशी तांब्या भरायचा आणि परत यायचे, एवढाच बेत होता. वन्सं वाकल्या, तांब्या पाण्याला लावला, देवाचे नाव घेतले, आणि सहज वर पाहिले तर वरच्या पायरीवर मुंबईचे एक गृहस्थ मोज्यांसकट पाय पाण्यात सोडून बसलेले. वन्सं ओरडल्या, "अहो, पाय काढा!" त्यांना वाटले, म्हाताऱ्या बाई सर्दीची काळजी करताहेत. त्यांनी हॅट काढून आभार मानले आणि पाय आणखी खोल सोडले. वन्संनी तांब्या उपडा केला, पदर खोचला आणि त्या गृहस्थांच्या वर चढल्या.

इथून पुढे जे झाले त्याला मी जबाबदार नाही. वरच्या डोहावर कॉलेजातली चार-पाच मुले काकड्या धूत होती. त्यांच्या वर चढलो तर आणखी वर एक नवरा-बायको एकमेकांवर पाणी उडवीत होती. (वन्संनी डोळे मिटून घेतले आणि मिटल्या डोळ्यांनीच एक पायरी चढल्या, मला तर याचेच आश्चर्य वाटते.) त्यांच्याही वर गेलो तेव्हा कुणी दिसेना. वन्संनी तांब्या बुडवला, आणि त्यांच्या ध्यानात आले, की अजून एकजण वर आहे. तो गेणू. गाईड असल्यामुळे तो पुढे, पुढे असल्यामुळे वर, आणि त्याचे दोन्ही पाय घोट्यापर्यंत पाण्यात. वन्सं म्हणाल्या, "तू मागे हो." गेणू म्हणाला, "म्या मागं ऱ्हायलो तर वाट कोन दावनार? मंग म्या गाईड कसला?" वन्संनी त्याला मागूनच वाट दाखवायला लावली. तेव्हापासून गेणू खालून ओरडे, "डाव्या अंगानं, मावशी! त्यो दगुड लय वंगाळ हाय!" आणि वन्सं वरून ओरडत, "कुठला?" आणि गेणू म्हणे, "ज्याच्यावर हुब्या हायसा त्यो!"

मी या सगळ्यात कुठे होते, असे तुम्ही विचाराल. मी झपझप चढत होते. मध्ये फक्त एका रुंद खडकावर जरा वेळ टेकले, ते देखावा पाहण्यासाठी. खाली कार्ल्याच्या बाजूची खाचरे हिरवीगार दिसत होती आणि रुळांवरून एक मालगाडी मुंगीसारखी चालली होती. तुमचे दादा दर आषाढात म्हणत, येत्या रविवारी तुला धबधबा दाखवतो. रविवारी त्यांची पाळी निघे. असे पुष्कळ रविवार गेले. मला काही फार वाईट वाटले असे नाही. ते वाटणे रोजचेच आहे, डोंगरावर ते काही वेगळे नसते. तेवढ्यात वन्सं काही कामासाठी एकदा खाली येऊन गेल्या आणि आम्ही पुन्हा निघालो.

शेवटची पायरी पुरुषभर उंच. गेणू म्हणाला, हितं हात द्यावाच लागतो, साहेब लोकांना सुदिक द्यावा लागतो. वन्सं म्हणाल्या, हात नाही. गेणूने उपरण्याचे टोक पुढे केले. वन्सं म्हणाल्या, सुती आहे, विटाळ सुतातून येतो. खाली कॉलेजची मुले काकड्या खात बघत उभी होती. अखेर वन्संनाच सुचले, की लोकरीला विटाळ नाही, धाबळी नाही का आपण सोवळ्याला नेसत. आणि गेणूच्या खांद्यावर तर लोकरीची घोंगडी! मग गेणू कडेच्या झाडावरून वर गेला, पाण्यात पाय पडू नयेत म्हणून दोन्ही पाय एका फांदीत अडकवून पालथा लोंबकळला आणि घोंगडीचे टोक खाली सोडले. वन्संनी ते दोन्ही हातांनी धरले. तांब्या दातांत. गेणू ओढतो आहे, वन्सं चढताहेत, मुले टाळ्या देताहेत. त्यांच्यामागून मीही त्याच घोंगडीने वर आले. गेणूची हॅट गेली वाहून. ती मुंबईच्या गृहस्थांना खाली सापडली आणि त्यांनी ती आपली समजून घातली, असे पुढे कळले.

एव्हाना पावसाने जोर धरला होता. वर पोचल्यावर काय दिसले? सपाट हिरवे माळरान, त्यातून येणारा शांत ओढा, आणि ओढ्यात गळ्यापर्यंत बसलेल्या सात-आठ म्हशी. गेणूच्याच. काठावर गेणूची आई, झुंबरबाई, इरले पांघरून त्याच्या आडोशाला कणसे भाजत बसली होती.  मी वन्संना असे जन्मात प्रथमच पाहिले. तांब्या हातात, नजर म्हशींवर.

झुंबरबाईने विचारले, "काय हुडकतीस, बाय?" मी सांगितले, असे असे पाणी हवे, ज्याच्या वर कुणी नाही. ती म्हणाली, "ह्याच्या वर आमची वाडी हाय. वाडीच्या वर धनगर ऱ्हात्यात. त्येंच्या वर ढग. ढगात कोन बसतंय का न्हाई, म्या काय बघितलं न्हाई." आणि तिने वन्संच्या हातातला तांब्या बोटाने दाखवून म्हटले, "अगं, येवढा धो धो पडतोय, हितं कौलं हायती का मांजरं? धर की हुबी ऱ्हाऊन."

भावोजी, तुमच्या अंबूताई माळावर भर पावसात तांब्या दोन्ही हातांनी वर धरून उभ्या राहिल्या. भरायला फार वेळ लागला. मग त्या घटाघटा प्याल्या, पुन्हा धरला, पुन्हा प्याल्या. आणि मग हसायला लागल्या. तुम्ही त्यांना हसताना पाहिले आहे का? मी लग्न होऊन तुमच्या घरात आले तेव्हापासून पाहिले नव्हते. आवाज गेला तो उतरताना ओरडल्याने, असे आम्ही वैद्यांना सांगितले आहे. खरे म्हणजे तो हसण्याने गेला. नंतर त्यांनी झुंबरबाईच्या हातची दोन कणसे खाल्ली. (नुसत्या विस्तवावर भाजलेल्याला दोष नाही, असा निकाल त्यांनी पहिले संपल्यावर दिला.) परत आलो तो दुपार कलली होती, आणि गेणूचा अर्धा दिवस पुरता मोडला.

तर अशी हकीकत. यावरून मी डोंगर चढते, उतरते, वन्संना सांभाळते, आणि एकटीने राहायला सर्वस्वी लायक आहे, हे तुमच्या लक्षात आलेच असेल. मुलांना गोड पापा.

तुमची वहिनी

ता. क. पाकीट बंद करण्यापूर्वी वन्संनी सगळे पत्र वाचून दाखवायला लावले. एक जागा दुरुस्त केल्याशिवाय टपालात टाकू देणार नाही म्हणतात. रुंद खडकावर मी देखावा पाहत नव्हते. मालगाडी पाहून मी जी खाली बसले ती मला वरही जाता येईना आणि खालीही येता येईना. डोळे मिटून मी बराच वेळ खडकाला धरून होते आणि रडत होते. गेणूने हाका मारल्या, मी ऐकले नाही. तेव्हा वन्सं चढलेल्या तीन पायऱ्या उतरून खाली आल्या आणि त्यांनी माझा हात धरला. सोवळ्यात. नुसत्या हाताने. वर पोचेपर्यंत सोडला नाही. घोंगडीच्या वेळी तेवढा सोडला. त्याबद्दल त्यांनी घरी येऊन दोनदा स्नान केले, पण प्रत्येक वेळी आधी मला गरम पाणी काढून दिले.

ता. क. दुसरा. वन्सं घोगऱ्या आवाजात सांगताहेत आणि मी लिहिते आहे: "चिंतामणीस अंबूताईचा आशीर्वाद. तू सांगितल्याप्रमाणे नीट पाहिले. वहिनीला एकटे राहणे मुळीच झेपत नाही. तेव्हा मी इथेच राहते. माझी धाबळी, पोथ्या, सहाण, देवांचा डबा आणि कोनाड्यातली सुंठीची पुरचुंडी येणाऱ्या माणसाबरोबर पाठव. घोंगडी पाठवू नकोस, ती इथे मिळते."

ता. क. तिसरा, हा मात्र माझा. वन्सं झोपल्या आहेत. तुमच्या स्वयंपाकघराचे सोवळे आता कोण पाहील, असे मी त्यांना विचारून पाहिले. तर म्हणाल्या, चंद्रिका आहे की. हे तिला जपून सांगा. आणि आतल्या खोलीत जाऊन ती आनंदाने नाचू लागली, तर इतकेच पाहा, की ती बातमी इकडे कळू नये. फार कष्टाने त्या राहायला तयार झाल्या आहेत.