गुरुवारचा खेळ

लंडन, ३ नोव्हेंबर १९५२

ती. थर्झाताईस,
धाकट्या हेस्टरचा शि. सा. न. वि. वि.

ताई, बसली आहेस ना? मला टेलिव्हिजनवर नाटक मिळालंय, आणि चक्क मुख्य काम! गिरणीत राबलेली म्हातारी. ज्या ओल्डहॅमच्या बोलीपायी बोलपटवाल्यांनी मला हाकललं, तीच बोली आता हवीय म्हणे. मग मी दुसरं काय करणार, आपली आईच उभी करणार. चष्मा मनगटानं वर सारायची तिची लकबसुद्धा.

खेळ सोळा तारखेला, रविवारी. गुरुवारी तोच खेळ आम्ही पहिल्यापासून पुन्हा करायचा. चित्रण कुणी करून ठेवत नाही; झाला की गेला. माझ्या मूकपटांची तरी काय गत झाली? फिल्मवरची चांदी काढायला रिळं भट्टीत घातली मेल्यांनी. तीस वर्षं तोंड रंगवलं, त्याचा एक तुकडा उरला नाही गं. म्हणून एकदा, फक्त एकदा, आईनं मला काम करताना बघावं. आपल्या चॅपेलमध्ये सिनेमा म्हणजे पाप, ठाऊक आहे मला. पण हे तर घरबसल्या दिसतं, आणि आता तिकडेही दिसायला लागलंय. तिचं मन वळव ना.

तुझ्या लोभावर जगणारी,
हेस्टर


ओल्डहॅम, ७ नोव्हेंबर

चि. हेस्टर, अनेक आशीर्वाद.

पन्नाशीत म्हातारीचं काम मिळालं म्हणून नाचणारी नटी जगात तू एकटीच! पण वाचून डोळे भरले, खोटं कशाला बोलू.

आईची छाती कफानं भरलीय. डॉक्टर नुसती मान हलवतात. मी विषय काढला तर आधी तोंड फिरवलं. मग मी म्हटलं, पाद्रीबाबांनीच घरी टेलिव्हिजन घेतलाय. तेव्हा तोंड इकडे वळवलं. थोड्या वेळानं विचारते, कपडे कसले घालणार ती? शाल आणि ॲप्रन, असं सांगितल्यावर म्हणाली, मग बघते.

पण रविवारी नाही! देवाच्या वारी ती विणायची सुईसुद्धा उचलत नाही, तुला माहीतच आहे. मी डोकं आपटलं, हातापाया पडले, पण ढिम्म. गुरुवारीच बघणार म्हणते. शेजारच्या एंटविसलबाईंकडे टेलिव्हिजन आहे. खुर्चीसकट उचलून नेऊ तिला. तू निर्धास्त राहा, आणि वेळेवर जेवत जा.

लोभ आहेच, तो कुठे जातोय?
थर्झा


लंडन, २० नोव्हेंबर

ती. थर्झाताईस, शि. सा. न.

झाला खेळ! तोंडावरचा रंगही अजून पुसला नाही. रविवारी नुसतं काम केलं, आज मात्र प्रत्येक वाक्य तिलाच बोलले. दुसऱ्या अंकात चष्मा वर सारला तो तिच्यासाठी. ओळखलं का तिनं? हसली? की, ही कार्टी माझी टवाळी करतेय, असं म्हणाली? शिव्या दिल्या असतील तर त्याही जशाच्या तशा लिही. एक शब्द गाळू नकोस.

उद्यापासून हाती काम नाही, पुढे मिळेलसंही वाटत नाही. नाही तर नाही. तिनं बघितलं, बस झालं.

उत्तराची वाट बघत,
तुझी हेस्टर


ओल्डहॅम, २१ नोव्हेंबर

चि. हेस्टर, आशीर्वाद.

सकाळी केलेली तार मिळाली असेल. तुझं पत्र दुपारी आलं आणि मी जिन्यातच बसले. आई मंगळवारी गेली गं. तिनंच बजावलं होतं, काही झालं तरी गुरुवारचा खेळ संपेपर्यंत हेस्टरला कळवायचं नाही, पोरीचं चित्त उडेल. मी ऐकलं. चिडायचं तर चीड माझ्यावर.

रविवारी तिनं उशाशी घड्याळ ठेवायला लावलं. सुरू झालं असेल का, म्हणून सारखं विचारत होती. संपायची वेळ झाली तशी म्हणाली, दमली असेल पोरगी. शेजारच्या घरात तर न्यायचं होतं, हेस्टर! मी ओढून का नाही नेलं तिला?

काल मीही बघितलं नाही. पुढच्या खोलीत आईची शवपेटी, खिडक्यांचे पडदे ओढलेले. वाटलं, निदान गल्लीनं तरी बघितलं असेल. तुला लिहायला चार शब्द मिळतील. म्हणून सकाळी एंटविसलबाईंकडे गेले. त्यांनी माझे दोन्ही हात धरले आणि म्हणाल्या, आईचा मान म्हणून काल अख्ख्या गल्लीत एकानंही टेलिव्हिजन लावला नाही. त्या स्वतः दारोदार सांगून आल्या होत्या. मी त्यांचे आभार मानले.

सोमवारी दफन आहे. पहिल्या गाडीनं ये. लोभ ठेव, हे कुठल्या तोंडानं लिहू? तरी ठेव.

तुझी ताई,
थर्झा